नर्मदेच्या विजेचा तहनामा



बाजार समितीतले हमाल-मापाडी आणि साखर कारखान्यातले कामगार यांची संघटना बांधण्यात ज्याची तीस वर्षे गेली, त्याने व्याख्यानमालेत पगारवाढ आणि बोनस यांवर बोलावे अशी सर्वांची अपेक्षा असते. आज मात्र मी एका तहाविषयी बोलणार आहे. तह म्हटला की आपल्याला पुरंदर आठवतो, सालबाई आठवते. मी सांगतो तो तह आपल्याच जिल्ह्याच्या उत्तर सीमेवरून वाहणाऱ्या नदीचा आहे. तो १९७९ साली पुरा झाला. त्यात तलवार निघाली नाही, पण चार राज्ये एकमेकांसमोर दहा वर्षे वकील घेऊन उभी होती. भांडण नर्मदेच्या पाण्याचे आणि त्या पाण्यातून निघणाऱ्या विजेचे होते.

मी वकील नाही आणि इंजिनिअरही नाही. माझी शाळा सातवीत सुटली. पुढचे शिक्षण झाले ते करारपत्रे वाचून. करार वाचण्याची माझी एक रीत ठरून गेली आहे. हातात कागद आला की मी पाच प्रश्न विचारतो. वाटायचे काय आहे? वाटणारा कोण? वाटा कशावरून ठरला? माप कोणाच्या हाती? आणि पाचवा प्रश्न, जो बहुधा कोणी विचारत नाही: ज्याला सहीसाठी बोलावलेच नाही, त्याचे काय? या पाच प्रश्नांनी आज आपण नर्मदेचा निवाडा वाचू.

पहिला प्रश्न, वाटायचे काय? वीज ही आपल्याला जादूच वाटते. केवडियाला यंत्र फिरते आणि शेकडो मैलांवर दिवा लागतो. पण या जादूचा हिशेब अगदी सरळ आहे. हजार लिटर पाणी शंभर मीटर उंचीवरून खाली सोडले आणि यंत्रातली थोडी घट धरली, तर त्यातून सुमारे पाव युनिट वीज मिळते. उंची निम्मी केली तर वीज निम्मी, पाणी निम्मे केले तरी वीज निम्मी. म्हणजे जलविद्युतीला दोन भांडवलदार लागतात, एक पाणी आणि दुसरी उंची. पाणी अमरकंटकपासून वाहत येते. उंची मात्र कोठून येते? नदी अडवून मागे पाणी फुगवले की ती मिळते. आणि पाणी फुगवायचे म्हणजे मागची दरी भरायची. त्या दरीत कोणाचे शेत असते, कोणाचे घर असते, कोणाचे मसण असते. ही गोष्ट ध्यानात ठेवा. पुढच्या सगळ्या हिशेबाची किल्ली तीच आहे.

दुसरा प्रश्न, वाटणारे कोण? नर्मदा १,३१२ किलोमीटर वाहते. त्यांतले १,०७७ किलोमीटर ती मध्य प्रदेशातून येते. पुढे ३५ किलोमीटर ती मध्य प्रदेश आणि महाराष्ट्र यांची सीमा होते, त्यापुढे ३९ किलोमीटर महाराष्ट्र आणि गुजरात यांची, आणि शेवटचे १६१ किलोमीटर गुजरातेतून जाऊन समुद्राला मिळते. महाराष्ट्राचा या नदीशी एवढाच काठाचा संबंध, आणि तो सारा आपल्या अक्कलकुवा आणि अक्राणी या दोन तालुक्यांचा आहे. मुंबई, पुणे, नागपूर यांपैकी कोणाचाही त्या काठाला पाय लागत नाही. महाराष्ट्राला या तहात जी खुर्ची मिळाली, ती सातपुड्यातल्या या काठाच्या जोरावर मिळाली.

५ एप्रिल १९६१ रोजी पंडित नेहरूंनी धरणाचा पाया घातला. तेव्हा धरण लहान होते, पण कागदावर ते वाढू लागले. १९६३ साली भोपाळला गुजरात आणि मध्य प्रदेश यांचा एक करार झाला. मध्य प्रदेशाने तो मान्य करण्याचे नाकारले. मग खोसला समितीने ५०० फूट पातळीची शिफारस केली. तिकडे मध्य प्रदेश आणि महाराष्ट्र यांनी १९६५ साली आपसांत ठरवले की सीमेवर जलसिंधीला दोघांनी मिळून वेगळे धरण बांधावे आणि वीज वाटून घ्यावी. जलसिंधी म्हणजे आपल्या डोमखेडीच्या समोरचा काठ. एकाच नदीवर दोन मनसुबे एकमेकांना छेदू लागले, कारण खाली उंच धरण झाले तर वरची जागा पाण्याखाली जाणार होती.

अखेर १९५६ च्या आंतरराज्य जलविवाद कायद्याखाली ६ ऑक्टोबर १९६९ रोजी केंद्र सरकारने लवाद नेमला. न्यायमूर्ती व्ही. रामस्वामी त्याचे अध्यक्ष होते. नर्मदेचा थेंबही ज्याच्या हद्दीतून जात नाही असे राजस्थानही वाटेकरी म्हणून आले. १२ जुलै १९७४ रोजी चार राज्यांत तडजोड झाली आणि उरलेले लवादावर सोपवले गेले. अंतिम निवाडा डिसेंबर १९७९ मध्ये झाला आणि १२ डिसेंबरला राजपत्रात छापला गेला.

आता तिसरा प्रश्न, वाटा किती आणि कशावरून? नदीत वापरण्याजोगे पाणी २८ दशलक्ष एकर-फूट धरले. एक एकर जमिनीवर एक फूट पाणी उभे राहिले म्हणजे एक एकर-फूट. त्यांतून मध्य प्रदेशाला १८.२५, गुजरातला ९, राजस्थानला अर्धा आणि महाराष्ट्राला पाव. म्हणजे पाण्यात आपला वाटा शंभरात एकही भरत नाही. आपल्याकडे ज्याला १०.८९ अब्ज घनफूट म्हणतात ते हेच पाणी.

विजेची वाटणी मात्र उलटी आहे. मध्य प्रदेशाला ५७ टक्के, महाराष्ट्राला २७ टक्के आणि ज्याच्या भूमीवर धरण उभे आहे त्या गुजरातला १६ टक्के. हे कसे? मघाची किल्ली लावून पाहा. धरण गुजरातचे, पण उंची वरच्या दोघांची. जलसिंधीसारख्या ठिकाणी या दोन राज्यांना स्वतः वीज काढता आली असती. ती नदीची उतरंड एका धरणाने गिळली, म्हणून त्या उतरंडीचा मोबदला विजेच्या रूपाने द्यायचा. खर्चही त्याच हिशेबाने ठरला. धरणाच्या खर्चातला ५६.१ टक्के भाग विजेच्या नावे आणि ४३.९ टक्के सिंचनाच्या नावे. विजेच्या भागाचा भार ५७, २७, १६ याच प्रमाणात. माझ्या मते हे या तहातले सर्वांत न्यायी कलम आहे. ज्याचे बुडाले त्याला वाटा मिळाला पाहिजे, हे तत्त्व त्यात मान्य झाले. प्रश्न एवढाच की ज्याचे बुडाले तो म्हणजे कोण, राज्य की माणूस? त्याकडे मी येतोच.

त्याआधी चौथा प्रश्न, माप कोणाच्या हाती? पूर्ण जलाशयाची पातळी ४५५ फूट, म्हणजे १३८.६८ मीटर, अशी ठरली. नदीपात्रातल्या वीजघरात दोनशे मेगावॅटची सहा यंत्रे आणि कालव्याच्या तोंडाशी पन्नास मेगावॅटची पाच, अशी एकूण १,४५० मेगावॅटची सोय झाली. २००४ ते २००६ या काळात ती यंत्रे चालू झाली. सगळी पूर्ण जोराने फिरली तर महाराष्ट्राच्या वाट्याला ३९१ मेगावॅटच्या वर वीज येते. कारभार पाहायला नर्मदा नियंत्रण प्राधिकरण स्थापन झाले. त्याचे ठाणे इंदूरला आहे. त्याच्या वर फेरविचार समिती. तिच्यात केंद्राचे मंत्री आणि चारही मुख्यमंत्री.

कागद चोख आहे. पण कामगाराला विचारा, तो सांगेल की टक्केवारीवर भुलू नये. टक्के कशाचे ते आधी पाहावे. नफ्याच्या टक्क्यांवर बोनस ठरला आणि नफाच दाखवला नाही, तर टक्के काय चाटायचे? इथेही तसेच आहे. नदीपात्रातल्या मोठ्या वीजघरातून पाणी सुमारे शंभर मीटर खाली येते. कालव्यात जाणारे पाणी मात्र जलाशय तुडुंब असला तरी पन्नास मीटरही उतरत नाही, कारण कालवा मुळातच ९१ मीटर उंचीवर आहे. त्याला राजस्थानच्या सीमेपर्यंत ४५८ किलोमीटर जायचे आहे, म्हणून तो उंचच हवा. त्यामुळे जे पाणी कालव्यात गेले त्यातून वीज निम्म्याहून कमी मिळते. आणि जे पाणी मध्य प्रदेशाने आपल्या हक्काने वरच उचलले, ते तर धरणापर्यंत येतच नाही. जसजशी शेती वाढेल, शहरे वाढतील, तसतसे वीजघराच्या वाट्याचे पाणी घटत जाईल. २०१९ च्या उन्हाळ्यात जलाशय भरावा म्हणून नदीपात्रातले वीजघर बंद राहावे असे गुजरातला वाटत होते आणि मध्य प्रदेश विजेसाठी अडून बसला होता. त्या भांडणाचे मूळ इथेच आहे.

यात शेतकऱ्याचा दोष नाही, तहानेल्या गावाचा तर नाहीच. पण आपण समजून घेतले पाहिजे की गुजरातचा मुख्य लाभ पाण्याचा आहे आणि तो वाढता आहे. महाराष्ट्राचा मुख्य लाभ विजेचा आहे आणि तो घटता आहे. २७ हा आकडा कायम राहील, ज्याचे २७ टक्के ते आटत जाईल.

आता पाचवा प्रश्न. आपल्या खानदेशात सालदारकीचा करार आखाजीला होतो. एक आखाजी ते दुसरी आखाजी. धनी एका बाजूला, सालदार दुसऱ्या बाजूला. किती पैसे, किती धान्य, अंगावर काय, पायात काय, हे बोलून ठरते. तो करार कितीही अन्यायाचा असला तरी सालदार समोर बसलेला तरी असतो. १९७२ मध्ये शहाद्याला श्रमिक संघटना उभी राहिली. अंबरसिंग सुरतवंतींसारखे पुढारी आदिवासींतूनच आले होते. तेव्हा सालदाराला बळ आले ते याच जागेचे. तो समोर बसून एकट्याने बोलत होता, आता दहा जणांनी मिळून बोलू लागला.

नर्मदेच्या तहात ज्याची उंची होती तो समोरही बसला नव्हता. लवादापुढे चार राज्ये होती. मणिबेली नव्हती, चिमलखेडी नव्हती, निमगव्हाण नव्हते. महाराष्ट्रात २७ गावांतली ४५६ कुटुंबे उठतील असा लवादाचा अंदाज होता. प्रत्यक्षात गावे ३३ निघाली, अक्कलकुव्याची ९ आणि अक्राणीची २४, आणि कुटुंबे अंदाजाच्या अनेक पटींनी. असे का व्हावे? महाराष्ट्राची बुडणारी जमीन ९,५९९ हेक्टर. तीत ६,४८८ हेक्टर जंगल आणि शेती अवघी १,५१९ हेक्टर, असे कागद सांगतो. पण सातपुड्यात जंगल आणि शेत यांच्यामध्ये कुंपण नसते. पिढ्यान्‌पिढ्या कसलेल्या नवाड जमिनीचा सातबारा अनेकांपाशी नव्हता. ज्याचा उतारा नाही तो शेतकरी नाही, तो अतिक्रमण करणारा. आमच्या भाषेत सांगायचे तर हा हजेरीपटावर नाव नसलेला कामगार. काम रोज करतो, पण पगाराच्या दिवशी त्याला कोणी ओळखत नाही.

मात्र निवाड्याला एक गोष्ट श्रेयाची दिली पाहिजे. त्याच्या अकराव्या कलमात पुनर्वसनाचे नियम आहेत, आणि ते त्या काळच्या मानाने फार पुढचे होते. ज्याची पाव हिश्शाहून अधिक जमीन जाईल त्याला जमिनीच्या बदली जमीन, तीही ओलिताची आणि निदान दोन हेक्टर. सज्ञान मुलगा म्हणजे वेगळे कुटुंब. खर्च गुजरातचा. आणि सर्वांत महत्त्वाचे असे की मध्य प्रदेश आणि महाराष्ट्र यांतली कोणतीही जमीन भरपाई आणि पुनर्वसनाची व्यवस्था पुरी झाल्याखेरीज पाण्याखाली घालायची नाही. हे वाक्य राज्यांनी राज्यांसाठी केलेल्या तहात बिनसहीच्या माणसासाठी घातलेले होते.

पुढे तेच वाक्य हत्यार झाले. १९८५ साली जागतिक बँकेने या प्रकल्पाला ४५ कोटी डॉलरचे कर्ज दिले. काठावरच्या लोकांनी नर्मदा बचाव आंदोलनात संघटित होऊन निवाडा वाचला आणि विचारले, तुमच्याच कागदात लिहिले आहे ते कोठे आहे? बँकेला मोर्स समिती नेमावी लागली, तिचा अहवाल १९९२ च्या जूनमध्ये आला, आणि मार्च १९९३ मध्ये उरलेले कर्ज नाकारून भारताने तो संबंध तोडला. त्याच पावसाळ्यात मणिबेलीत पाणी शिरले. १९९४ साली जगातल्या अनेक संस्थांनी मोठ्या धरणांना बँकेने पैसा देऊ नये असे जाहीरपत्र काढले, त्याला नाव दिले मणिबेलीचे. १९९९ मध्ये डोमखेडीचे लोक छातीइतक्या पाण्यात उभे राहिले. १८ ऑक्टोबर २००० रोजी सर्वोच्च न्यायालयाने बहुमताने धरण पुढे नेण्यास परवानगी दिली, पण पुनर्वसन आणि उंची बरोबरीने चालतील असे बंधन घातले. २००५ साली त्याच न्यायालयाने सज्ञान मुलाचा जमिनीचा हक्क पुन्हा उचलून धरला.

धरण झाले की नाही, याचे उत्तर आपण सर्व जाणतो. १७ सप्टेंबर २०१७ रोजी ते राष्ट्राला अर्पण झाले आणि सप्टेंबर २०१९ मध्ये जलाशय प्रथमच १३८.६८ मीटरला भिडला. कोणी म्हणेल, मग लढ्याने काय मिळवले? मी कामगार संघटनेतला माणूस आहे. संप फसला तरी पदरात काय पडले ते मोजण्याची मला सवय आहे. तळोद्याच्या जंगलातली सुमारे ४,२०० हेक्टर जमीन पुनर्वसनासाठी मोकळी झाली. सोमावल, रेवानगर, रोझवा अशा वसाहती उभ्या राहिल्या. कागदावर ४५६ असलेली कुटुंबे हजारोंनी मोजावी लागली. यातले काही आपोआप झाले नाही. कलम कागदावर होते. ते जमिनीवर उतरले ते माणसे पाण्यात उभी राहिली म्हणून. आणि ज्यांचे अजून उतरले नाही ते अजूनही कचेऱ्यांच्या पायऱ्या झिजवीत आहेत.

विजेचे काय? ज्यांच्या उंचीवर ती वीज तयार होते, त्या काठावरचे अनेक पाडे यंत्रे चालू झाल्यावरही वर्षानुवर्षे अंधारात राहिले. धडगाव तालुक्यातल्या बिलगावची गोष्ट सांगण्यासारखी आहे. तिथल्या लोकांनी केरळातून आलेल्या तरुण अभियंत्यांच्या मदतीने, स्वतः श्रमदान करून, उदई नदीच्या धबधब्यावर १५ किलोवॅटचे छोटे वीजघर बांधले. जानेवारी २००३ मध्ये दिवे लागले. तिथेही पाणी आणि उंची हेच भांडवल होते, पण दोन्ही गावाचे आणि उजेडही गावाचा. २००६ च्या पुरात ते वाहून गेले. गेले तरी एक गोष्ट सिद्ध करून गेले. विजेचा करार समजणे आणि पाळणे डोंगरातल्या माणसाच्या आवाक्याबाहेरचे नाही.

तहात बिनसहीच्या माणसाला जागा देता येते का? येते. दुसऱ्या महायुद्धानंतर युरोपात फ्रान्स आणि जर्मनी यांच्यापुढे हाच प्रश्न होता. कोळसा आणि पोलाद यांच्यासाठी त्यांनी पिढ्यान्‌पिढ्या रक्त सांडले होते. १९५१ साली पॅरिसला सहा देशांनी तह केला आणि दोन्हींचा कारभार एका सामाईक मंडळाकडे सोपवला. हा तह १९५२ ते २००२ अशी पन्नास वर्षे चालला, आणि आजच्या युरोपीय संघाचा तो पाया आहे. पण माझ्यासारख्याचे लक्ष जाते ते दुसरीकडे. त्या तहाने जी सल्लागार समिती नेमली तिच्यात मालक, कामगार आणि ग्राहक यांना सारख्या जागा होत्या. ज्या मजुराची खाण बंद पडेल त्याला निर्वाहभत्ता, नवे काम शिकण्याची सोय आणि दुसरीकडे जाऊन राहण्याचा खर्च, हे तहातच लिहिले होते. त्या मुख्य मंडळावर बेल्जियमचे पॉल फिने हे कामगार पुढारी होते, आणि पुढे ते त्याचे अध्यक्षही झाले. मोबदल्याचे कलम आपल्या निवाड्यातही आहे. फरक खुर्चीचा आहे.

हे सारे आज सांगण्याचे कारण असे. निवाड्यानेच लिहून ठेवले आहे की वाटणीच्या मुख्य कलमांचा फेरविचार राजपत्रात छापल्यापासून ४५ वर्षांनंतर केव्हाही करता येईल. ती मुदत १२ डिसेंबर २०२४ रोजी पुरी झाली. निवाडा संपला असा याचा अर्थ नाही. नवे ठरेपर्यंत जुनेच चालू राहते, जसे कामगारांच्या करारात होते. पण दार आता उघडे आहे. राज्ये आज ना उद्या पुन्हा त्या मेजापाशी येतील, आणि आपापले आकडे घेऊन येतील. तेव्हा सातपुड्याचा आकडा कोण मांडणार?

माझ्या मते आपल्या जिल्ह्याने तीन मागण्या आतापासून तयार ठेवल्या पाहिजेत. पहिली, फेरविचार होईल तेव्हा बुडीत गावांचा प्रतिनिधी तिथे असावा; प्रेक्षक म्हणून नव्हे, बोलण्याच्या हक्काने. दुसरी, महाराष्ट्राच्या २७ टक्क्यांचा दर वर्षाचा हिशेब, किती युनिट आली, किती रुपयांची आली, हा मराठीत आणि जिल्ह्यात प्रसिद्ध व्हावा. तिसरी, त्या विजेतला काही हिस्सा अक्कलकुवा आणि अक्राणी यांच्या नावे बांधून द्यावा. ही मागणी आभाळातून पडलेली नाही. केंद्राच्या २००८ च्या जलविद्युत धोरणात नव्या प्रकल्पांसाठी एक टक्का वीज स्थानिक विकास निधीला, आणि बाधित कुटुंबाला दहा वर्षे महिन्याला शंभर युनिट, असे म्हटलेच आहे. नव्या धरणाला जे न्याय्य ते जुन्या धरणाला अन्याय्य कसे होईल? महाराष्ट्राच्या वाट्याचा शंभरावा हिस्सा म्हणजे, यंत्रे पूर्ण जोराने चालली तर, सुमारे ३.९ मेगावॅट. बिलगावसारखी अडीचशेहून अधिक वीजघरे त्यात बसतील.

आपण नंदुरबारचे, शहाद्याचे, तळोद्याचे लोक त्या काठापासून दूर राहतो. आपल्याला वाटते, हा डोंगरातल्या लोकांचा प्रश्न. पण राज्याला तहात जागा मिळाली ती त्या काठामुळे. करारात बिनसहीच्या माणसाचे कलम घालता येते, आणि घातलेले कलम राबवून घेता येते, हे काठावरच्या माणसांनी दाखवून दिले आहे. निवाड्याचा कागद आता पुन्हा उघडला जाईल. तोवर तो आपल्यापैकी निदान दहा जणांनी वाचलेला असावा, एवढीच माझी विनंती आहे. घरी जाऊन वाचा. भाषा कायद्याची आहे, पण अर्थ आपलाच आहे.